खोक्यावरच्या आजीबाई

बालमित्रांनो, आणि बालमित्रांच्या आधीच ही पाने वाचून टाकणाऱ्या आईबाबांनो,

गेल्या हिवाळ्यातल्या एका रविवारी मधल्या सुट्टीत आम्ही सगळ्या वर्गासाठी गरम चॉकलेट केले होते, ते तुम्हाला आठवत असेल. घराजवळच्या मेक्सिकन दुकानातून चॉकलेटच्या जाड गोल वड्यांचे एक पिवळे, षटकोनी खोके आणले होते. वडी दुधात उकळायची आणि रवीने घुसळायची, की वर छान फेस येतो. मेक्सिकोतही त्यासाठी लाकडी रवीच असते बरं का, तिला तिकडे मोलिनिय्यो म्हणतात.

त्या खोक्यावर पांढऱ्या केसांच्या एका आजीबाईंचे चित्र आहे. लहान गटातल्या एका मुलीने आम्हाला विचारले की या आजी खऱ्या आहेत का. आम्ही कप भरण्याच्या गडबडीत होतो. छे, चित्रकाराने काढलेल्या आहेत, असे ठोकून दिले. दुसऱ्या दिवशी ऑफिसात डबा खाताना हा किस्सा एका मेक्सिकन सहकाऱ्याला सांगितला, तर तो घास हातात धरून आमच्याकडे बघतच राहिला. आमचे उत्तर साफ चुकले होते. आमच्या धंद्यात प्रोग्रॅममध्ये चूक सापडली की दुरुस्ती पाठवावी लागते. हा लेख म्हणजे त्या रविवारच्या उत्तराची दुरुस्ती समजा.

त्या आजीबाईंचे नाव सारा गार्सिया. त्या मेक्सिकोच्या चित्रपटांतल्या चरित्र अभिनेत्री होत्या. पोस्टरवर मोठ्या अक्षरांत नायक-नायिकेचे नाव असायचे, आणि साराबाई असायच्या नायकाची आई, मावशी नाहीतर आजी. आईबाबांना चटकन समजावे म्हणून सांगायचे, तर आपल्याकडे दुर्गा खोटे, सुलोचना, ललिता पवार यांनी जी कामे केली तशी. साराबाईंनी दीडशेच्या आसपास चित्रपट केले आणि अख्खा देश त्यांना आपली आजी मानू लागला. पण ही आजी झाली कशी, ती गोष्ट साधी नाही.

साराचा जन्म ८ सप्टेंबर १८९५ रोजी मेक्सिकोच्या वेराक्रूस राज्यातल्या ओरिसाबा या गावी झाला. आईवडील स्पेनमधून आलेले, म्हणजे तीसुद्धा तुमच्यासारखीच परदेशी येऊन राहिलेल्यांची मुलगी. तिच्या आधीची भावंडे जगली नव्हती. ती लहान असतानाच वडील वारले आणि आई तिला घेऊन मेक्सिको सिटीत राहू लागली. तिथे विस्काईनास नावाची एक जुनी शाळा आहे, ती तेव्हा मुलींची होती. अठराव्या शतकात अनाथ मुली आणि विधवा यांच्या आसऱ्यासाठी ती बांधली गेली. दगडी इमारत आजही उभी आहे. आईला तिथे काम मिळाले आणि सारा तिथेच शिकू लागली.

मग साराला टायफस झाला. हा टायफॉइड नव्हे, उवांमधून पसरणारा वेगळाच ताप. आईने रात्रंदिवस तिची शुश्रूषा केली. मुलगी बरी झाली, पण तोच ताप आईला लागला आणि त्यात आई गेली. दहा वर्षांच्या आतबाहेरची सारा जगात एकटी उरली. शाळेने तिला ठेवून घेतले. ती तिथेच मोठी झाली आणि शिक्षण संपल्यावर तिथेच शिकवू लागली. पुढे पडद्यावर आईसाठी रडणारी किंवा आई म्हणून रडणारी साराबाई पाहताना आम्हाला राहून राहून ही शाळेतली मुलगी आठवत होती.

१९१७ मध्ये मेक्सिको सिटीत आस्तेका फिल्म्स ही कंपनी निघाली. ती काढणाऱ्यांत मिमी देर्बा ही नटी होती. बाईने चित्रपट कंपनी काढणे ही त्या काळी साऱ्या जगात नवलाईची गोष्ट. बावीस वर्षांच्या साराने या कंपनीत शिरकाव करून घेतला आणि मूकपटांत छोटी कामे केली. पण मेक्सिकोतला मूकपटांचा धंदा काही फार चालला नाही. पोट भरायचे तर नाटक हाच रस्ता होता. साराबाई नाटक कंपन्यांबरोबर गावोगाव हिंडू लागल्या. फेर्नांदो इबान्येस या नटाशी त्यांनी लग्न केले. १९२० मध्ये दौऱ्यावर असतानाच तेपिक या गावी मुलगी झाली, तिचे नाव मारिया फेर्नांदा. नवऱ्याशी मात्र पुढे पटले नाही आणि दोघे वेगळे झाले. आता पदरात लहान मूल, हातात नाटकाची मिळकत आणि सोबतीला विस्काईनासपासूनची मैत्रीण रोसारिओ गोन्सालेस क्वेन्का, असा साराबाईंचा संसार होता. रोसारिओने घर सांभाळले, मुलीला वाढवायला मदत केली आणि साराबाईंना शेवटपर्यंत साथ दिली.

आता ऐका, या गोष्टीतला सगळ्यांत विलक्षण भाग.

१९३४ साल. साराबाई एकोणचाळीस वर्षांच्या होत्या. आमच्यापेक्षाही लहान! ज्या वयात नट्या आपले वय चार वर्षांनी कमी सांगतात, त्या वयात त्यांना एका नाटकात आजीचे काम हवे होते. नाटकाच्या नावातच गरीब बिचारी आजी होती. पण चेहरा तर तरुण. पांढरा टोप घालता येतो, पाठीत वाकता येते, काजळाने सुरकुत्या काढता येतात. तोंडाचे काय करणार? म्हाताऱ्या माणसाचे ओठ आत जातात, गाल बसतात, शब्द किंचित फुसफुसतात. हे रंगाने होत नाही. तेव्हा साराबाईंनी आपले दात काढून टाकले. एक-दोन नव्हे, चौदा दात काढले असे सांगतात. काम त्यांना मिळाले.

मुलांनो, तुमचे दुधाचे दात पडतात तेव्हा खाली नवे तयार असतात. चाळिशीच्या माणसाचा दात गेला की गेला. आम्हाला गेल्या वर्षी एक दाढ काढावी लागली तर आम्ही आठवडाभर घरात कोणाशी धड बोललो नव्हतो. म्हणून हे वाचल्यावर आमची पहिली प्रतिक्रिया अशी होती की हा वेडेपणा आहे. पण थोडा हिशेब केल्यावर मत जरा बदलले. नायिकेची कामे चाळिशीत संपतात. मग मधली दहा-पंधरा वर्षे नटीला कोणी विचारत नाही, कारण ती नायिका होण्याएवढी तरुण नसते आणि आजी होण्याएवढी म्हातारी नसते. पदरी मुलगी असलेल्या एकट्या बाईने ती वर्षे कशी काढायची? साराबाईंनी ती मधली वर्षे ओलांडून सरळ पलीकडे उडी मारली. म्हातारपण आपल्याला गाठेपर्यंत त्या थांबल्या नाहीत, त्यांनीच जाऊन त्याला गाठले. त्याची जी किंमत होती, ती मात्र परत न मिळणारी होती.

उडी अगदी वेळेवर पडली. मेक्सिकोत बोलपट नुकताच आला होता आणि १९३६ पासून तिथल्या चित्रपटांचे सुवर्णयुग सुरू झाले. पुढे दुसऱ्या महायुद्धात अमेरिकेने मेक्सिकोला कच्ची फिल्म पुरवली, त्यामुळे स्टुडिओ भरभराटीला आले आणि त्यांचे चित्रपट साऱ्या स्पॅनिश बोलणाऱ्या देशांत पोचले. त्या चित्रपटांना आया लागत होत्या, आज्या लागत होत्या. साराबाई तयार होत्या.

मारिया फेर्नांदाही नटी झाली. १९३७ मध्ये ला माद्रिना देल दियाब्लो या चित्रपटात ती नायिका होती. तिचा नायक होता होर्हे नेग्रेते, पुढे मेक्सिकोचा मोठा गायक-नट झाला तो, आणि हा त्याचा पहिलाच चित्रपट. आईने जे सोडले ते मुलीला मिळू लागले होते. पण १९४० मध्ये मारिया फेर्नांदाला टायफॉइड झाला. भारतात जाण्याआधी तुम्हाला ज्याची लस देतात, तोच. त्यावर चालणारे अँटिबायोटिक १९४८ मध्ये आले, आठ वर्षे उशिरा. विशीतली मारिया फेर्नांदा गेली. एका तापाने साराबाईंची आई नेली होती, दुसऱ्याने एकुलती एक मुलगी नेली. ज्यांना सारा देश आजी म्हणणार होता, त्यांना स्वतःचे नातवंड कधी होणार नव्हते.

आणि पुढच्याच वर्षी, १९४१ मध्ये, हुआन बुस्तिय्यो ओरो या दिग्दर्शकाचा कुआंदो लोस इहोस से वान हा चित्रपट आला. नावाचा अर्थ, मुले निघून जातात तेव्हा. वडील एका मुलावर चोरीचा आळ घेऊन त्याला घराबाहेर काढतात. आई एकटीच त्याच्यावर विश्वास ठेवते. शेवटी तो मुलगा मरतो, आणि तो निर्दोष होता हे सगळ्यांना तेव्हा कळते. ती आई म्हणजे साराबाई. चित्रपट तुफान चालला आणि त्या मेक्सिकोची आई ठरल्या. लेक गेल्याला फार दिवस झाले नव्हते. त्या कॅमेऱ्यासमोर कशा उभ्या राहिल्या असतील, याचा आम्ही फक्त विचारच करू शकतो.

लगेच १९४२ मध्ये त्यांचा अगदी वेगळा चित्रपट आला, आणि तो आपल्या वर्गातल्या प्रत्येक घराने पाहावा असे आम्हाला वाटते. नाव एल बाइसानो हालील. पाइसानो म्हणजे आपला गाववाला. पण अरबीत प हा उच्चार नाही, म्हणून लेबनॉनहून मेक्सिकोत आलेले लोक पाइसानोला बाइसानो म्हणत, आणि इतर लोक त्यांना हसत. होआकीन पार्दावे या विनोदी नटाने हा चित्रपट दिग्दर्शित केला आणि लेबनीज व्यापारी हालीलचे कामही केले. साराबाई झाल्या त्याची बायको. गंमत उच्चारांची आहे, पण चित्रपट हालीलला हसत नाही. नव्या देशात दुकान मांडून कष्टाने वर आलेले हे कुटुंब, आणि त्यांना कमी लेखणारे जुने, पण कर्जात बुडालेले घराणे, असा सामना आहे. तुम्ही बाळला बाल म्हणालात की आम्ही हसतो, आणि आम्ही इंग्रजी बोललो की तुम्ही हसता. हालीलच्या घरातही हेच चालले असेल. लेबनीज लोकांना हा चित्रपट इतका आवडला, की पार्दावे आणि साराबाई जोडीने तशाच दुसऱ्या एका चित्रपटातही आले.

१९४७ मध्ये मात्र साराबाईंना त्यांची सर्वांत लाडकी भूमिका सापडली. इस्माएल रोद्रिगेस या दिग्दर्शकाचा लोस त्रेस गार्सिया. तीन चुलत भाऊ, तिघेही गर्विष्ठ, तिघेही भांडखोर, आणि अमेरिकेहून आलेल्या एकाच मुलीच्या मागे. त्यांना वठणीवर आणणारी आजी दोन्या लुईसा. ही आजी रडूबाई नाही. ती चिरूट ओढते, तोंडाने फटकळ आहे, आणि कमरेला पिस्तूल लावून हिंडणाऱ्या नातवांना काठीने बडवते. ते मुकाट्याने मार खातात. थोरल्यांपासून धाकट्यांपर्यंत सगळ्यांनी एकत्र बसून हसावे असा चित्रपट आहे. (चिरुटाचे अनुकरण करू नये.)

यातला लाडका नातू म्हणजे पेद्रो इन्फान्ते, मेक्सिकोचा सर्वांत लोकप्रिय नट. आम्ही इंजिनियर असल्यामुळे वजाबाकी करून पाहिली. पेद्रोचा जन्म १९१७ चा, साराबाईंचा १८९५ चा. आजी नातवापेक्षा फक्त बावीस वर्षांनी मोठी! दुसरा नातू व्हिक्तोर मानुएल मेन्दोसा १९१३ चा, म्हणजे आजीत आणि नातवात अठराच वर्षांचे अंतर. वजाबाकी करताना आणखी एक आकडा पुढे आला. पेद्रो हा साराबाईंच्या दिवंगत मुलीपेक्षा तीन वर्षांनी मोठा होता. नातू म्हणून ज्याला त्या कुरवाळत होत्या, तो त्यांच्या मुलाच्या वयाचा होता.

त्याच वर्षी या चित्रपटाचा पुढचा भाग आला आणि त्यात ही आजी मरते. दारू प्यालेला पेद्रो तिच्या थडग्यापाशी हमसून हमसून रडतो, तिचे आवडते गाणे म्हणतो. आमच्या सहकाऱ्याने सांगितले की त्याच्या घरी हा प्रसंग आला की काका लोक पाणी प्यायला उठतात. खऱ्या आयुष्यात मात्र उलटे झाले. १५ एप्रिल १९५७ रोजी मेरिदा शहरात विमान कोसळून पेद्रो इन्फान्ते एकोणचाळिसाव्या वर्षी गेला. आजी मागे राहिली.

इथे मोठ्या मुलांसाठी एक गोष्ट सांगायला हवी. पडद्यावर साराबाईंनी ज्या आया केल्या, त्यांतल्या पुष्कळशा घरात बसून सोसणाऱ्या, नवऱ्यापुढे न बोलणाऱ्या, मुलांसाठी झिजणाऱ्या होत्या. १९२२ पासून मेक्सिकोत १० मे हा मातृदिन एका मोठ्या वर्तमानपत्राच्या पुढाकाराने पाळला जाऊ लागला होता आणि अशा आईची जणू पूजा होत होती. पूजा होत होती, पण त्याच आईला देशाच्या निवडणुकीत मत देण्याचा हक्क १९५३ पर्यंत नव्हता. आणि ही सोशीक आई पडद्यावर आणणारी बाई स्वतः कशी होती? नवऱ्यापासून वेगळी राहणारी, स्वतःच्या कमाईवर मुलगी वाढवणारी, मैत्रिणीबरोबर घर केलेली. लोक ज्या आईला पाहून डोळे पुसत होते, तशा त्या स्वतः एक दिवसही जगल्या नव्हत्या. हे आम्हाला त्यांच्या दातांपेक्षाही जास्त विचार करायला लावणारे वाटले. मुखवटा इतका घट्ट बसला, की आतली बाई कोणाला दिसलीच नाही.

त्यांना स्वतःला मात्र मुखवट्याची गंमत कळत होती, असे पुढच्या कामांवरून वाटते. १९५९ मध्ये आलेल्या लास सेन्योरितास विवांको या चित्रपटात साराबाई आणि त्यांच्याहून सोळा वर्षांनी मोठ्या प्रुदेन्सिया ग्रिफेल या दोघी खानदानी, पण कफल्लक बहिणी आहेत. अशा सोज्वळ म्हाताऱ्यांवर कोण संशय घेणार? त्याचाच फायदा घेऊन दोघी चोऱ्या करतात. चित्रपट इतका आवडला की त्याचाही पुढचा भाग निघाला. आणि १९७२ मध्ये, शहात्तराव्या-सत्त्याहत्तराव्या वर्षी, त्यांनी लुईस आल्कोरिसा यांचा मेकानिका नासिओनाल केला. मोटारींची शर्यत बघायला निघालेले एक कुटुंब, सोबत आजी. ही आजी शिव्या घालते आणि खादाडपणापायी मरते. मग परतणाऱ्या गाड्यांच्या गर्दीतून तिचे प्रेत मोटारीतूनच घरी न्यावे लागते. तीस वर्षे ज्या आजीची आरती ओवाळली, तिच्या तोंडून शिव्या ऐकून प्रेक्षक हादरले. साराबाईंनी स्वतःच घडवलेली मूर्ती स्वतःच्या हाताने फोडून दाखवली.

मूर्ती फुटली का? मुळीच नाही. पुढच्याच वर्षी, १९७३ मध्ये, त्यांचा चेहरा त्या चॉकलेटच्या खोक्यावर आला. चॉकलेटचे नावच आबुएलिता, म्हणजे आज्जी. १९९० च्या दशकात हा कारखाना नेस्लेने घेतला, तरी चित्र तेच राहिले. १९७४ पासून १९७७ पर्यंत टेलिव्हिजनवर मुंदो दे हुगेते ही मुलांची मालिका चालली. तिच्यात साराबाई प्रेमळ दाईचे काम करत होत्या. म्हणजे ज्या मुलांच्या आजोबांनी त्यांना १९४१ मध्ये पाहिले, त्यांच्या नातवंडांनाही त्या मिळाल्या. आता टोपाची गरज नव्हती, वय खरोखरच भूमिकेपाशी येऊन पोचले होते.

२१ नोव्हेंबर १९८० रोजी मेक्सिको सिटीत, वयाच्या पंच्याऐंशिाव्या वर्षी साराबाई वारल्या. तिथल्या स्पॅनिश दफनभूमीत मारिया फेर्नांदाच्या सोबतीने त्यांना ठेवले आहे.

तेव्हा लहान गटातल्या आमच्या मैत्रिणी, तुझ्या प्रश्नाचे दुरुस्त उत्तर असे, की हो, त्या आजी खऱ्या होत्या. आपण सगळे इथे आज्यांपासून हजारो मैल लांब राहतो. आमची मुले त्यांच्या आजीला बहुतेक करून फोनवरच्या आवाजाने ओळखतात. साराबाईंची गोष्ट वाचताना आम्हाला वाटले, की ज्या बाईला स्वतःची आजी आठवण्याइतकीही मिळाली नसेल, तिने आजी होण्याची एकेक खूण कुठेतरी बारकाईने पाहून ठेवली असणार. चालणे, बसणे, रागावणे, काठी आपटणे, सगळे.

म्हणून बाईंच्या परवानगीने या वेळचा गृहपाठ आम्ही देत आहोत. आपल्या आजीवर दहा ओळी लिहून आणायच्या. आजी लांब असेल तर फोन करून लिहायच्या, आणि आजी नसेल तर आजीसारख्या कोणावरही चालेल. तिचे केस पांढरे आहेत आणि ती प्रेमळ आहे, ही दोन वाक्ये चालणार नाहीत, ती सगळ्यांच्याच आज्यांना लागू पडतात. ती चहा कशी पिते, जिना कशी उतरते, रागावली की नेमके काय म्हणते, ते लिहा. वह्या पुढच्या रविवारी आणाव्यात. दूध, रवी आणि पिवळे खोके आम्ही आणतो.